हिरावलेल्या उद्याचा हिशेब

१८, १७, १६, १५, १४, १३, ११, ९, ७, ५. आपल्या देशात गाडीच्या धडकेत कायमचा जायबंदी झालेल्या, पंधरा वर्षांवरच्या कुठल्याही माणसाचं वय या दहा आकड्यांपैकी एकात बसतं. सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली ‘सरला वर्मा’ खटल्यात हा तक्ता घालून दिला. पंचविशीपर्यंत गुणक १८, तिशीपर्यंत १७, पस्तिशीपर्यंत १६. असं उतरत उतरत पासष्टीनंतर ५. माणसाचं वर्षाचं उत्पन्न घ्यायचं, या गुणकाने गुणायचं आणि त्याच्या पुढच्या आयुष्याची कमाई एका रकमेत मांडायची.

पंचवीस वर्षांच्या तरुणापुढे कामाची पस्तीस वर्षं असतात, मग गुणक १८ च का? कारण पस्तीस वर्षांत थोडी थोडी मिळायची रक्कम त्याला आज एकदम मिळते. ती गुंतवली की व्याज येतं, आणि व्याज व मुद्दल दोन्ही वापरत ती वर्षानुवर्षं पुरावी असा हिशेब आहे. आयुष्यात येऊ शकणाऱ्या इतर अडीअडचणीही त्या १८ मध्ये धरलेल्या आहेत. जे आयुष्य अजून घडलेलंच नाही ते एका आकड्यात पकडण्याचा हा प्रयत्न पाहिला की मी थक्क होतो.

आणि हे अर्धंच काम झालं. दुसरं अर्धं मागे वळून करायचं आहे: त्या दोन-तीन सेकंदांत रस्त्यावर नेमकं काय घडलं? हे ठरवणारा न्यायाधीश तिथे नव्हता. त्याच्यापुढे प्रकरण येतं तोवर काचा झाडून टाकलेल्या असतात, गाडी दुरुस्त होऊन पुन्हा रस्त्यावर धावत असते, जखमेवर खपली धरून पडूनही गेलेली असते. त्याच्या हातात असतात फक्त कागद. अपघातानंतर अमुक करा, तमुक करा अशा याद्या पुष्कळ मिळतात. पण त्यातली प्रत्येक पायरी या दोन प्रश्नांपैकी एकाचं उत्तर जपून ठेवत असते. हे एकदा कळलं की यादी पाठ करावी लागत नाही.

पहिला तास

मोटार वाहन कायद्यात ‘गोल्डन अवर’ची व्याख्याच दिली आहे: गंभीर इजा झाल्यानंतरचा एक तास, ज्यात तातडीचे उपचार मिळाले तर जीव वाचण्याची शक्यता सर्वाधिक असते. म्हणून पहिली पायरी कागदाची नाही, जिवाची. ११२ ला फोन करा. महाराष्ट्रात १०८ ची रुग्णवाहिका आहेच. मदत करणाऱ्याने पोलिसांच्या ससेमिऱ्याला घाबरायचं कारण उरलेलं नाही. २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने आणि नंतर कायद्याच्या कलम १३४-ए ने अशा माणसाला संरक्षण दिलं आहे. स्वतःचं नाव सांगण्याची सक्तीही त्याच्यावर करता येत नाही.

मे २०२५ पासून केंद्र सरकारची विनारोकड उपचारांची योजना लागू आहे. अपघाताच्या दिवसापासून सात दिवसांपर्यंत, दीड लाख रुपयांच्या मर्यादेत, योजनेतल्या रुग्णालयात जखमीवर पैसे न भरता उपचार होतात. चूक कुणाची, याचा इथे संबंध नाही. दाखल करतानाच या योजनेबद्दल विचारा.

आता रुग्णालयातला एक कागद अगदी जवळून पाहू. अपघात विभागातले डॉक्टर केस पेपरवर सर्वांत आधी एक ओळ लिहितात. तिला ते ‘हिस्टरी’ म्हणतात. इजा कशी झाली, किती वाजता, कुठे, कोणी सांगितलं. रात्रीची वेळ, बाहेर स्ट्रेचरची रांग, सोबत आलेला माणूस भेदरलेला. “काय झालं?” “गाडीवरून पडला.” डॉक्टर लिहितात: दुचाकीवरून पडून इजा. झालं. मागून आलेल्या ज्या टेम्पोने उडवलं तो टेम्पो त्या ओळीत नाही. पुढे मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात विमा कंपनीचे वकील नेमकी तीच ओळ काढतात: जखमी स्वतःच पडला, दुसऱ्या वाहनाचा संबंध नाही, नंबर मागाहून घातला. उपचारांची घाई असताना लिहिलेली, कुणाचाही स्वार्थ नसलेली ही पहिली नोंद न्यायाधीशाला विश्वासार्ह वाटते आणि ते साहजिकच आहे. म्हणून तिथे पूर्ण वाक्य सांगा: कुठल्या रस्त्यावर, किती वाजता, कुठल्या वाहनाने, कोणत्या बाजूने धडक दिली. नंबर माहीत असेल तर तोही. प्रकरण ‘एमएलसी’ (मेडिको-लीगल केस) म्हणून नोंदवून पोलिसांना कळवलंय ना, हे विचारा. अंगात जिथे जिथे दुखतंय ते सगळं सांगा. पायाच्या फ्रॅक्चरपुढे मानेची कळ किरकोळ वाटते आणि सांगायची राहून जाते. दोन महिन्यांनी तीच मान धरून बसली, तर तिचा त्या दिवसाशी संबंध जोडायला कागद सापडत नाही.

रस्ता बोलतो

घटनास्थळाचा पंचनामा हा आपल्याकडचा फार जुना आणि माझ्या मते फार सुंदर दस्तऐवज आहे. दोन पंचांसमक्ष पोलीस लिहीत जातात: रस्ता पूर्व-पश्चिम की दक्षिणोत्तर, रुंदी किती, दुभाजक आहे का, दिवे होते का, वाहनं कुठे आणि कोणत्या दिशेला तोंड करून पडली आहेत, काचा कुठे, रक्ताचे डाग कुठे, टायर घासल्याच्या खुणा किती लांब. हे सगळं रूक्ष वाटतं, पण यातली प्रत्येक गोष्ट साक्ष देते. चाकांच्या वर चिकटलेला चिखल धडकेच्या हिसक्याने जिथल्या तिथे खाली पडतो. त्यामुळे चिखलाची ढेकळं रस्त्याच्या कुठल्या बाजूला पडली आहेत, यावरून कोण कुणाच्या बाजूत घुसला होता ते कळतं.

टायरच्या खुणेचं तर गणितच मांडता येतं. कोरड्या डांबरावर चाक जाम होऊन घासत गेलं तर घर्षणाचा गुणांक साधारण ०.७ धरतात. खूण २० मीटर लांब असेल आणि तिच्या टोकाशी गाडी थांबली असेल, तर २ × ०.७ × ९.८ × २० म्हणजे साधारण २७४. त्याचं वर्गमूळ सेकंदाला साडेसोळा मीटर, म्हणजे ताशी सुमारे ६० किलोमीटर. चालक काहीही म्हणो, रस्त्यावरच्या काळ्या रेघेने त्याचा वेग लिहून ठेवलेला असतो. एबीएस असलेल्या गाड्यांची खूण फिकट उमटते. आणि एक मोठा पाऊस किंवा काही तासांची वाहतूक हा पुरावा पुसून टाकते.

म्हणून जो शुद्धीवर आहे, किंवा जो मदतीला धावून आला आहे, त्याने जखमीला हलवण्याची व्यवस्था झाली की मोबाइल बाहेर काढावा. शक्य असेल तर गाड्या बाजूला घेण्याआधी चारही दिशांनी फोटो, दोन्ही नंबर प्लेट, खुणा, काचा, जवळचा मैलाचा दगड किंवा दुकानाची पाटी. पाहणाऱ्या दोघा-तिघांचे फोन नंबर. नंबर प्लेटवरून वाहनाच्या विम्याची मुदत ‘एमपरिवहन’ ॲपवर पाहता येते. आसपास पेट्रोल पंप, एटीएम, सोसायटी, टोल नाका यांचे कॅमेरे असतील तर लगेच तपास अधिकाऱ्याला लेखी अर्ज देऊन ते चित्रीकरण ताब्यात घ्यायला सांगा आणि अर्जाची पोच घ्या. या यंत्रांत काही दिवसांनी जुन्यावर नवं चित्रीकरण चढतं. भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे अशा इलेक्ट्रॉनिक पुराव्यासोबत प्रमाणपत्र लागतं, तेही लक्षात असू द्या.

एफआयआर लवकर व्हावी, पण जखमीला वाचवण्याच्या धावपळीत ती उशिरा झाली तर हातपाय गाळू नका. नातेवाईक आधी रुग्णालयात धावतात, पोलीस ठाण्यात नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ च्या निकालात मान्य केलं आहे. केवळ उशीर झाला म्हणून दावा फेटाळता येत नाही. एफआयआरची प्रत फिर्यादीला मोफत मिळते. दुसऱ्या हद्दीतल्या पोलीस ठाण्यातही ती नोंदवता येते.

पुराव्याचा काटाही इथे वेगळा आहे. फौजदारी खटल्यात चालकाचा गुन्हा संशयापलीकडे सिद्ध व्हावा लागतो. न्यायाधिकरणात फक्त एवढंच पाहतात की दोन शक्यतांपैकी जास्त संभवनीय कोणती. त्यामुळे चालक फौजदारीतून सुटला तरी भरपाईचा दावा तेवढ्याने बुडत नाही. ही सवलत उगाच आलेली नाही. पूर्वी जखमीला दिवाणी न्यायालयातच झगडावं लागे. १९५६ च्या दुरुस्तीने अशा दाव्यांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरणांची वाट खुली झाली. कोर्टाच्या आवारात ज्याला सगळे ‘एमएसीटी’ म्हणतात, ते हेच.

‘अपघात’ या गोष्टीकडे कायदा किती मोकळ्या मनाने पाहतो, याचं उदाहरण आपल्या सातारा जिल्ह्यातलं आहे. ऑक्टोबर १९८७ मध्ये महामार्गावर कवठ्याजवळ पहाटे तीनच्या सुमारास ट्रकची धडक बसून पेट्रोलचा टँकर रस्त्याखाली कलंडला. पेट्रोल झिरपत राहिलं, माणसं जमली, आणि सुमारे चार तासांनी स्फोट होऊन कित्येक जण मृत्युमुखी पडले. टँकर तर तासन्‌तास निपचित पडला होता, मग हा ‘मोटार वाहनाच्या वापरातून’ झालेला अपघात म्हणायचा का? १९९१ साली सर्वोच्च न्यायालयाने उत्तर दिलं: होय. धडक, गळती आणि स्फोट ही एकच साखळी. पुढे ही वाट अनेकांच्या उपयोगी पडली.

हात तोच, नुकसान वेगळं

आता दुसरा प्रश्न, पुढच्या आयुष्याचा. एखाद्याचा डावा हात गेला. नुकसान किती? २०१० च्या एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे उलगडून सांगितलं आहे. तो माणूस चालक किंवा सुतार असेल तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के गेली. सरकारी कचेरीत कारकून असेल तर नोकरी टिकूही शकते. शरीराचं नुकसान सारखंच, पण कमावण्याच्या ताकदीचं नुकसान निराळं. म्हणून दाखल्यावरचा अपंगत्वाचा टक्का जसाच्या तसा उचलायचा नाही. तो माणूस काय काम करत होता, आता काय करू शकतो आणि काय नाही, हे पाहायचं. एका पायाचं ४५ टक्के अपंगत्व म्हणजे अख्ख्या शरीराचं ४५ टक्के नव्हे, हेही त्याच निकालाने बजावलं.

इथून काय करायचं ते आपोआप कळतं. उपचार पूर्ण झाल्यावर, इजा स्थिरावल्यावर दाखला घ्या, आणि तो शक्यतो उपचार करणाऱ्या डॉक्टरांचा किंवा जिल्हा रुग्णालयाच्या वैद्यकीय मंडळाचा असू द्या. डॉक्टरांना साक्षीला यावं लागेल, याची त्यांना आधीच कल्पना द्या. आणि आपलं काम नेमकं काय होतं हे साध्या शब्दांत लिहून ठेवा: उकिडवं बसावं लागायचं का, वजन उचलावं लागायचं का, बारा तास उभं राहावं लागायचं का.

उत्पन्नाचा पुरावा किती फरक पाडतो, ते एका कल्पित उदाहरणात पाहा. बत्तीस वर्षांचा, स्वतःचा व्यवसाय असलेला शिंपी. महिना २० हजार मिळवतो. २०१७ च्या ‘प्रणय सेठी’ निकालाप्रमाणे चाळिशीच्या आतल्या स्वयंरोजगारी माणसाच्या उत्पन्नात, पुढे कमाई वाढली असती म्हणून, ४० टक्के भर घालतात. झाले २८ हजार. वर्षाचे ३ लाख ३६ हजार. गुणक १६: ५३ लाख ७६ हजार. कमावण्याची ताकद ४० टक्के गेली असं ठरलं तर भरपाईचा हा एकच भाग २१ लाख ५० हजार ४०० रुपये होतो. आता समजा त्याच्याकडे कमाईचा एकही कागद नाही आणि न्यायाधिकरणाने उत्पन्न १२ हजार धरलं. तेच गणित १२ लाख ९० हजार २४० वर येऊन थांबतं. इजा तीच, माणूस तोच, फरक साडेआठ लाखांहून जास्त.

म्हणून बँकेचं पासबुक, यूपीआयचे व्यवहार, आयकर विवरण, शॉप ॲक्टचा परवाना, शेतकऱ्याकडे अडत्याची पट्टी आणि दूध संघाच्या पावत्या हे सगळं एका फाइलमध्ये ठेवा. कागद नसतीलच तर गिऱ्हाईक, मालक, शेजारी दुकानदार यांची साक्ष चालते. पुरावा नाही म्हणून किमान वेतनावरच अडून बसू नये, असंही २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं आहे. त्याच वर्षीच्या दुसऱ्या एका निकालात घर सांभाळणाऱ्या स्त्रीच्या श्रमालाही उत्पन्नाचं मोल आहे, हे न्यायालयाने ठामपणे मांडलं. घरातली बाई अंथरुणाला खिळली, तर ती काय काय काम करत होती त्याची यादी हा पुरावाच आहे.

बिलांखेरीज प्रवासखर्च, विशेष आहार, सोबतीला राहणारा माणूस, पुढच्या शस्त्रक्रिया, वेदना आणि आयुष्यातल्या हरवलेल्या सुखांसाठीही भरपाई असते. २००७ मध्ये जखमी होऊन पूर्णपणे परावलंबी झालेल्या एका बारा वर्षांच्या मुलीच्या प्रकरणात २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने दोन सोबत्यांचा खर्च मान्य केला. चोवीस तास एकच माणूस काळजी घेऊ शकत नाही, हे त्यामागचं माणुसकीचं गणित. तो खर्चही १८ च्या गुणकाने मोजला गेला आणि एकूण भरपाई ६२ लाख २७ हजारांवर गेली. तेव्हा रिक्षाचं भाडं, औषधाची चिठ्ठी, फिजिओथेरपीच्या तारखा तारीखवार वहीत मांडत जा. मूळ बिलं मेडिक्लेमला द्यायची असतील तर आधी झेरॉक्स काढा. उपचारात मध्येच दोन-तीन महिन्यांचा खंड पडला तर तो का पडला, तेही लिहून ठेवा.

घड्याळ सुरू असतं

१ एप्रिल २०२२ पासूनच्या नियमांत पोलिसांवरही वेळेचं बंधन आहे. पहिला अपघात अहवाल ४८ तासांत, अंतरिम अहवाल ५० दिवसांत, सविस्तर अहवाल ९० दिवसांत न्यायाधिकरणाकडे जायला हवा. जखमीला त्याचे हक्क सांगणारा नमुना द्यायचा आणि त्याची माहिती भरून घ्यायची, हेही पोलिसांचंच काम. या अहवालालाच न्यायाधिकरण दाव्याचा अर्ज मानू शकतं. विमा कंपनीने ३० दिवसांत तडजोडीचा प्रस्ताव ठेवावा, अशीही तरतूद आहे. तो स्वीकारायचा की नाही, हे जखमीने ठरवायचं.

तरी स्वतःच्या अर्जाची मुदत विसरू नका. १९९४ मध्ये काढून टाकलेली कालमर्यादा नव्या दुरुस्तीने परत आणली आहे: अपघातापासून सहा महिने. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलं गेलं आहे, पण त्या भरवशावर थांबू नये. अर्ज कुठे करायचा, यात मात्र कायदा फार उदार आहे. अपघात झाला तिथे, तुम्ही राहता तिथे, किंवा समोरचा राहतो तिथे. राजस्थानात धडक बसलेला नाशिककर नाशिकला दावा लावू शकतो. वाहन पळून गेलं आणि सापडलंच नाही तर गंभीर इजेसाठी ५० हजार आणि मृत्यूसाठी २ लाख रुपयांची सरकारी योजना आहे. चूक कुणाची हा वाद टाळून ठरावीक रक्कम घ्यायची असेल तर कलम १६४ खाली गंभीर इजेला अडीच लाख, मृत्यूला पाच लाख मिळतात.

पोलीस ठाण्याच्या दारात “आपसात मिटवू” म्हणून पुढे केलेल्या कागदावर त्याच दिवशी सही करू नका. इजेचं खरं रूप तेव्हा कुणालाच कळलेलं नसतं. कोऱ्या कागदावर तर कधीच नको. भरपाईत टक्केवारी मागणारा वकील बार कौन्सिलच्या नियमाबाहेर वागत असतो. स्त्रिया, मुलं, दिव्यांग व्यक्ती, अनुसूचित जाती-जमातींतले लोक यांना उत्पन्नाची अट न लावता जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो.

२००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आणखी एक गोष्ट स्पष्ट केली: पुराव्यावरून योग्य ठरत असेल तर मागितली त्याहून जास्त भरपाईही न्यायाधिकरण देऊ शकतं. इतका मोकळा हात फार थोड्या कायद्यांनी न्यायाधीशाला दिला आहे. पुष्कळ जखमी माणसं तरीही दावा लावत नाहीत. कोर्टकचेरी नको वाटते, कुणापुढे हात पसरल्यासारखं वाटतं. त्यांना मला आवर्जून सांगायचं आहे की हे दान नाही. या देशात वाहन रस्त्यावर आणणाऱ्या प्रत्येकाने थर्ड पार्टी विम्याचा हप्ता भरलाच पाहिजे, असा कायदा आहे, आणि तो हप्ता मालकाच्या स्वतःसाठी नसतो. ज्याला तो ओळखत नाही, अशा रस्त्यावरच्या कुठल्याही माणसासाठी तो भरलेला असतो. तुमची गाडी असेल तर तुम्हीही कुणा अनोळखी माणसासाठी तो भरता. ती रक्कम तुमच्या वाट्याला येण्याची वेळ आली, तर फाइल नीट लावा आणि सहा महिन्यांच्या आत हक्काने मागा.